तिसरं काडतूस

वॉर्डनला, म्हणजे शिकारीच्या कायद्यावर नजर ठेवणाऱ्या सरकारी माणसाला, आमच्या खाडीवर कुणी जेवायला बोलावत नाही. त्यात वैर वगैरे काही नसतं. ज्याच्या खिशात दंडाची पावती आहे त्याच्यासमोर माणसाला मोकळेपणी रस्सा ओरपता येत नाही, एवढंच. फ्रीजरमधली बदकं किती, कोणी मारली, कुठल्या दिवशी मारली, हे आम्ही कोणी मोजत बसत नाही. तो मोजतो. मोजायचाच त्याला पगार मिळतो. म्हणून तो आला की आम्ही हसून दोन शब्द बोलतो, वाऱ्याची दिशा सांगतो, आणि तो कधी जातो याची वाट बघतो.

वेंडेल प्रुइट आमच्याकडे बदलून आला तो लुइझियानाच्या उत्तरेकडच्या टेकड्यांमधून. बाप्टिस्ट माणूस. बिअर नाही, पत्ते नाहीत, आम्ही खाडीवर बोलतो त्या फ्रेंचचा गंध नाही. बायको होती म्हणे, ती पहिल्याच बदलीला माहेरी राहिली ती राहिलीच. पाण्याच्या टाकीमागे एका ट्रेलरमध्ये तो एकटा राहायचा. धक्क्यावर माझं दुकान आहे, काडतुसं, आमिष, बर्फ आणि कॉफी. तिथे तो रोज उजाडताना यायचा. गुडघ्यावर हॅट ठेवून कोपऱ्यातल्या स्टुलावर बसायचा. तो आत आला की चाललेलं बोलणं तिथेच तुटायचं आणि सगळ्यांना अचानक हवामानात रस वाटू लागायचा. मला त्याची कीव यायची. पण एका माणसाची कीव केली की दहा गिऱ्हाइकं रुसतात, म्हणून मी त्याचा कप काठोकाठ भरायची आणि फडक्याने काउंटर पुसत लांब सरकायची. माझा नवरा महिन्यातले पंधरा दिवस समुद्रातल्या तेलविहिरीवर असतो, तेव्हा एकट्याने जेवणं काय असतं ते मला कोणी शिकवायला नको.

त्याला घरात घेणारा माणूस एकच, एल्फेज ट्राहान. सगळी खाडी त्याला नाँक म्हणते, म्हणजे काका. सख्खा पुतण्या मात्र एकही नाही. बायको जाऊन बरीच वर्षं झाली, मुलगी सुझेट ह्यूस्टनला नर्स आहे. आठवड्यातून एकदा तिचा फोन यायचा, "पपा, इकडे या," आणि नाँकचं उत्तर ठरलेलं, "आता मोसम आहे. मोसम संपला की बघू." बदकांचा मोसम संपला की मासळीचा, मासळीचा संपला की खेकड्यांचा. बापाचा मोसम कधी संपायचाच नाही हे त्या मुलीलाही ठाऊक होतं.

हिवाळ्यात नाँक शनिवारी बदकं मारायचा आणि रविवारी त्यांचा गंबो, आमच्याकडचा दाट रस्सा, करायचा. पीठ तेलात कॉफीच्या रंगाचं होईपर्यंत परतत उभा राहायचा, अगदी पंचाहत्तरी उलटल्यावरसुद्धा, आणि त्या वेळी दाराशी कोणी आलं तर बाहेरच थांबायला सांगायचा. आणि दुपारी वेंडेल यायचा. दोघं जेवायचे. बोलायचे फार थोडं. मी एकदा बटाट्याचं सॅलड द्यायला गेले होते, तर दोघं समोरासमोर बसून हाडं चोखत होते आणि रेडिओ चालू होता. वेंडेलच्या चेहऱ्यावर मी कधी न पाहिलेलं काहीतरी होतं. माणूस घरी असतो तेव्हा कसा दिसतो, तसा दिसत होता.

तीन हिवाळे हे असं चाललं. आणि लोकांना ते खुपायला लागलं.

सुरुवात डूसेने केली. डूसे म्हणजे आमच्याकडचा कोळंबीवाला, मनाने वाईट नाही, पण तोंडाला लगाम नाही. आदल्या सप्टेंबरात होल्यांच्या शिकारीत वेंडेलने त्याला पकडलं होतं. आमच्याकडे कायदा असा, की बदकं, होले, असे दूरदेशी जाणारे-येणारे पक्षी मारायचे तर बंदुकीत तीनच काडतुसं मावली पाहिजेत. नळीत एक आणि पोटात दोन. पोटात खरं तर चार मावतात, म्हणून आत एक लाकडी दांडी घालून जागा अडवून ठेवायची. हरणाला ही अट नाही. वसंतात पांढरे रानहंस मारायला सोडतात तेव्हाही दांडी काढायला मुभा असते, आणि तिथेच सगळे फसतात. वसंतात काढलेली दांडी सप्टेंबरात कुठल्या खणात आहे ते देवालाच माहीत. डूसेची बायकोच्या शिवणाच्या डब्यात निघाली, पण पावती फाटल्यावर.

"विसरलो रे बाबा," डूसे म्हणाला होता.

"विसरण्याला कायद्यात जागा नाही," वेंडेलने सांगितलं होतं. असं बोलल्यावर कोण प्रेम करणार?

त्यानंतर माझ्या दुकानात डूसेला दुसरा विषय राहिला नाही. वेंडेल कोपऱ्यात कॉफी पीत असायचा आणि डूसे मला उद्देशून, पण मोठ्याने म्हणायचा, "मिस ओदील, एक विचारू? वॉर्डनसाहेब सगळ्यांच्या बंदुकी तपासतात, नाँकची बंदूक तपासलेली कोणी पाहिली आहे का?"

"मला नको विचारूस. मी कॉफी विकते."

"नाही, म्हणजे गंबोत दांडी घातली की बंदुकीत घालावी लागत नाही, असा काही कायदा निघालाय का, एवढंच विचारत होतो."

सगळे हसायचे. मीही एकदा हसले होते. वेंडेलचे कान लाल व्हायचे, तो कपात बघायचा. आणि खरंच होतं, तीन वर्षांत त्याने नाँकच्या बंदुकीला हात लावला नव्हता. लाच म्हणून नव्हे. नाँक एल्फेजची बंदूक तपासणं म्हणजे पाद्रीबाबांना बायबल पाठ आहे का विचारण्यासारखं. तो तीन काडतुसांत तीन बदकं पाडणारा माणूस. पोरांना कायदा शिकवायचा तो हाच, दांडी तासून द्यायचा तोही हाच. निम्म्या खाडीच्या बंदुकांमध्ये त्याने तासलेल्या विलोच्या लाकडाच्या दांड्या आहेत.

डिसेंबरातल्या एका शनिवारी सकाळी डूसेने पुन्हा तेच काढलं. त्या दिवशी वेंडेलने कप खाली ठेवला.

"आज तपासतो," तो म्हणाला. "धक्क्यावर. तुमच्या सगळ्यांच्या देखत. मग हे बोलणं बंद होईल?"

"बंद," डूसे म्हणाला. "दांडी निघाली तर मी गंबोच्या नावाने तोंड उघडणार नाही."

वेंडेल माझ्याकडे बघून चक्क हसला. त्याला काही धास्ती नव्हती. उलट उत्साहच होता, एकदाचा हा काटा निघेल म्हणून. मला त्या वेळी बोलायला हवं होतं. त्या मोसमात नाँक दर आठवड्याला काडतुसांची नवी पेटी नेत होता, आधी एक पेटी महिनाभर पुरायची. पण दुकानदाराने गिऱ्हाइकाची पेटी मोजू नये असा माझा बाणा. मी फडकं घेऊन काउंटर पुसत राहिले.

दहाच्या सुमाराला होड्या परतल्या. नाँकची होडी सगळ्यात शेवटी आली. तो हळूहळू उतरला, खाली वाकून दोन बदकं उचलली आणि बंदूक मोकळी करून काखेत धरली. धक्क्यावर दहाबाराजण रेंगाळत होते. कोणालाही तिथे काम नव्हतं.

"काय मिळालं, नाँक?" वेंडेलने विचारलं.

"दोन. उद्याला पुरे."

"बंदूक बघू जरा?"

नाँकने त्याच्याकडे बघितलं, मग आमच्या सगळ्यांकडे. मग आवाज खाली आणून म्हणाला, "इथे नको, वेंडेल. उद्या घरी येतोयस ना? घरी बघ."

"दोन मिनिटांचं काम आहे."

"तेच म्हणतो. जेवता जेवता बघ."

डूसे खाकरला. कोणीतरी फिस्सकन हसलं. मी वेंडेलच्या जागी असते तर त्या हसण्यावर मीसुद्धा हटले नसते. त्याने हात पुढे केला आणि नाँकने बंदूक दिली. अगदी सावकाश दिली, जसं झोपलेलं मूल दुसऱ्याच्या हातात देतात.

वेंडेलने खिशातून काडतुसं काढली. बंदूक उलटी करून पोटात एक सारलं, दुसरं सारलं. मग तिसरं लावलं, आणि आमच्याकडे मान वर करून बघत, सगळ्यांना दिसावं म्हणून, अंगठ्याने दाबलं. ते अडणार होतं. ते आत गेलं. खट्‌ असा आवाज झाला.

तो तसाच उभा राहिला. मग, का कोण जाणे, त्याने चौथंही लावलं. तेही गेलं.

धक्क्यावर कोणी हसलं नाही. डूसेचं तोंड उतरलं. "स्प्रिंग सैल झाली असेल," तो म्हणाला. "जुनी बंदूक आहे. दांडी मोडून आत गेली असेल, वेंडेल. होतं असं." वेंडेल, वेंडेल करत होता आता. तीन वर्षांत पहिल्यांदा त्याला नावाने हाक मारली.

वेंडेलने बंदुकीचं टोपण उघडून पोट तिरकं केलं. आत दांडी नव्हती, मोडलेलीही नव्हती. त्याने नाँककडे पाहिलं. मला वाटतं, काहीतरी सांगा, काहीही, असं तो डोळ्यांनी विनवत होता. विसरलो म्हणा. पण विसरण्याला जागा नसते असं त्यानेच सांगून ठेवलं होतं, आणि ज्याला सांगितलं तो दोन हातांवर उभा होता.

"लिही," नाँक म्हणाला.

"नाँक..."

"यांच्यासमोर मागितलीस, यांच्यासमोर लिही. नाही लिहिलंस तर उद्यापासून तुला इथे कोणी विचारणार नाही, आणि मला तोंड दाखवायला जागा राहणार नाही. लिही आणि मला मोकळा कर. थंडी वाजतेय."

वेंडेलने लिहिलं. पेन दोनदा थांबलं. मग नियमाप्रमाणे त्याने ती दोन बदकं पुरावा म्हणून प्लास्टिकच्या पिशवीत घातली. ते बघवत नव्हतं. नाँकने सही केली, बंदूक उचलली आणि सगळ्यांना मान लववून गाडीकडे गेला.

नंतर माझ्या दुकानात सगळ्यांना वाचा फुटली. काय माणूस आहे, ज्याच्या ताटात जेवला त्यालाच दंड, म्हाताऱ्या माणसाला सोडवत नाही का. डूसेचा आवाज सगळ्यात मोठा. मला ते सहन झालं नाही.

"सप्टेंबरपासून त्याच्या मागे कोण लागलं होतं?" मी म्हटलं. "सोडला असता तर उद्या तूच गावभर केलं असतंस. कॉफी संपव आणि नीघ."

डूसे निघाला. पैसेही ठेवायला विसरला.

रविवारी चर्चमधून आल्यावर मी सॅलडचं भांडं घेऊन नाँककडे गेले. स्वयंपाकघर थंड होतं. शेगडीवर काही नव्हतं. पलंगावर बॅग उघडी होती आणि तो तीत शर्ट घड्या घालून ठेवत होता.

"सुझेटला कोणीतरी कळवलं," तो म्हणाला. "काल संध्याकाळी फोन आला. उद्या न्यायला येतेय."

"मोसम आहे की अजून."

"कसला मोसम, ओदील." त्याने बॅगेची चेन ओढली. "बस. कॉफी करतो."

कॉफी होते तोवर दाराशी वेंडेल आला. साधे कपडे, हातात हॅट, दुसऱ्या हातात दुकानातली कोंबडी, पिशवीतली. आत यावं की नाही ते त्याला ठरवता येत नव्हतं. मी उठायला लागले तर नाँकने मला हाताने बसवलं.

"ये. दार लाव, वारा येतोय."

वेंडेल आत आला पण बसला नाही. त्याची नजर बॅगेवर गेली, माझ्यावर आली आणि पुन्हा बॅगेवर गेली. मी म्हटलं, "सुझेट येतेय उद्या. ह्यूस्टनला नेतेय."

मग त्याने विचारलं, "दांडी का काढलीत, नाँक? तुम्ही?"

नाँकने उजव्या डोळ्याकडे बोट दाखवलं. "यातून गेल्या उन्हाळ्यापासून धुकं दिसतं. तीन झाडली तरी पाणीच उडतं नुसतं. पाच झाडली की एखादं पडतं, कधी दोन. काल दोन पडली."

"नाही पडलं तर नाही! बदकावाचून कोणाचं अडलं होतं?"

"मग रविवारी गंबो कशाचा करायचा?"

"करायचाच नाही! नाहीतर हिचा करायचा." त्याने कोंबडी वर केली. "मी अंडी-भात खाल्ला असता. मी काय बदकं खायला येत होतो का इथे?"

नाँक खरंच चकित झाला. त्याने कॉफीचं भांडं खाली ठेवलं.

"पहिल्या वर्षी मी तुला कॉफीला बोलावलं होतं. एकदा नाही, कितीदा तरी. वॉर्डनने कोणाच्या घरी बसायचं नसतं म्हणालास. मासे तळलेत म्हटलं, तरी नाही म्हणालास. बदकाचा गंबो आहे म्हटल्यावर आलास. मग मी काय समजायचं? मला वाटलं, याला गंबो आवडतो."

वेंडेल कोंबडी हातात घेऊन उभा.

"मला यायचंच होतं," वेंडेल अखेर म्हणाला. "सारखा कितीदा नाही म्हणू, असं झालं होतं. तेवढ्यात तुम्ही गंबो म्हणालात." मग त्याने हॅट टेबलावर ठेवली. "जाऊ नका, नाँक."

नाँक खुर्चीवर बसला. त्याचं वय मला त्या दिवशी पहिल्यांदा दिसलं.

"काल सुझेट फोनवर म्हणाली, पपा, तिकडे आता तुमचं कोण आहे, एक नाव सांगा. एक सांगा, मी येत नाही न्यायला." तो टेबलावरचा हात उघडून तळव्याकडे बघत होता. "मी फोन कानाला धरून किती वेळ बसलो होतो. तुझं नाव अगदी ओठावर आलं होतं. मग म्हटलं, तो तर बदकं पिशवीत घालून घेऊन गेला, आता कशाला येईल. मुलीला खोटं कसं सांगू."

"फोन करा तिला. आता सांगा."

"सुट्टी टाकलीय तिने. खोली रिकामी केलीय. नातीला दुसऱ्या खोलीत झोपवलंय. मी हो म्हणालो, वेंडेल."

मी उठून वेंडेलच्या हातातली कोंबडी घेतली, धुतली, आणि मोठं पातेलं काढलं. पीठ मात्र नाँकनेच परतलं. मी दोघांना वाढून दिलं आणि घरी आले. माझ्या भावाने दुपारी येतो म्हटलं होतं, असं सांगून आले. मला भाऊ नाही.

सोमवारी सुझेटची गाडी आली तेव्हा मी दुकान बंद ठेवून तिथे गेले होते. वेंडेल माझ्या आधीच येऊन अंगणात उभा होता, गणवेशात, ड्यूटीवर जायचं म्हणून. त्याने बॅग उचलली, खोकी उचलली, बंदूक तिच्या पिशवीत घालून मागच्या सीटवर नीट आडवी ठेवली. नाँकला हाताला धरून पायऱ्या उतरवल्या आणि त्याचा पट्टा लावून दिला. नाँकने त्याच्या गालावर हात ठेवला, तो काढलाच नाही बराच वेळ.

सुझेट गाडीला वळसा घालून आली. बापाला असं कोणी सांभाळताना बघून तिला बरं वाटलं असावं. तिने हात पुढे केला.

"थँक यू. पपा फोनवर कोणाचंच नाव घेत नाहीत. तुम्ही कोण?"

वेंडेलने हॅट काढली. गाडीत बसलेल्या नाँककडे एकदा बघितलं.

"मी इथला वॉर्डन," तो म्हणाला.